केसांचे घरटे : एका लपविल्या जाणाऱ्या दुखण्याची हकीकत

गेल्या दिवाळीत आम्ही एका जुन्या स्नेह्यांकडे फराळास गेलो होतो. मंडळी गप्पांत रंगली होती. चकली श्रेष्ठ की कडबोळे श्रेष्ठ, ह्या सनातन वादास नुकतेच तोंड फुटले होते. परंतु घरातील थोरला मुलगा मात्र हातात बशी घेऊन खिडकीपाशी उभाच होता. वय वर्षे एकोणीस, अभियांत्रिकीच्या दुसऱ्या वर्षाचा विद्यार्थी, स्वभावाने मुळातच अबोल. "अरे, बस ना जरा," असे त्याच्या आईने तीनदा सांगितले, आणि तिन्ही वेळा "नको ग, दिवसभर बसूनच असतो," असे म्हणून त्याने वेळ मारून नेली. त्या 'नको'तील मर्म आमच्या ध्यानी आले नाही, आणि त्याच्या आईच्याही आले नाही. पुढे पौषातील एका रात्री त्यास थंडी वाजून सणसणून ताप भरला. आई त्याच्या अंगावर पांघरूण घालू लागली, तो पायजम्यावर पू व रक्त यांचा ओला डाग तिच्या दृष्टीस पडला. माकडहाडाच्या वरच्या अंगास त्यास सात-आठ महिन्यांपासून एक गाठ होती. ती सुजे, ठणके, फुटून वाहे, चार दिवस बसे आणि पुन्हा सुजे. ही मूळव्याध असावी अशा समजुतीने तो औषधांच्या दुकानातून गुपचूप मलम आणून लावीत होता. घरात त्याने अवाक्षर काढले नव्हते.

"मला का नाही सांगितलेस?" असे आईने विचारले, तेव्हा तो म्हणाला, "काय सांगणार, आई? कुठे दुखते म्हणून सांगायचे?"

ह्या रोगाची निम्मी हकीकत त्या एका प्रश्नात सामावलेली आहे. डोके दुखले, दाढ ठणकली, पोटात कळ आली, तर आपल्या घरांत तत्काळ बोभाटा होतो; आल्याचा काढा येतो, लवंग येते, शेजारच्या काकूंचा सल्लाही येतो. परंतु शरीराचे काही भाग असे आहेत की, त्यांचे नाव चारचौघांत घ्यावयाचे नाही, हा आपला शिष्टाचार आहे. तो वाईट आहे असे आमचे म्हणणे नाही. पण शिष्टाचाराने चारचौघांत तोंड मिटावे. आईपाशी आणि वैद्यापाशी ते मिटू लागले म्हणजे त्या मौनाची किंमत तरुण मुलामुलींना आपल्या देहाने द्यावी लागते. ह्या दुखण्यात लाजण्यासारखे काही नाही, ते वेळीच ओळखल्यास सोपे आहे, आणि लपविल्यास मात्र वर्ष-दोन वर्षे छळते, हे आमच्या वाचकांना व विशेषतः वाचक-भगिनींना समजावून सांगावे, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

दुखणे कोठे व कसे होते

ह्या रोगास डॉक्टर मंडळी 'पायलोनायडल सायनस' असे म्हणतात. पाठीचा कणा जेथे संपतो त्या माकडहाडावर, दोन नितंबांच्या मधील घळीत, गुदद्वारापासून सुमारे दोन इंच वर हे दुखणे उद्भवते. नीट प्रकाशात पाहिल्यास घळीच्या बरोबर मध्यरेषेवर टाचणीने टोचल्यासारखी एक किंवा अनेक बारीक छिद्रे दिसतात. क्वचित त्यांतून केसाचे टोकही बाहेर डोकावते. छिद्र दिसावयास क्षुल्लक, पण त्याच्या आत कातडीखाली एक पोकळी असते, आणि तीत बहुधा केसांचा गुंता असतो. पोकळीतून एखादे भुयार वरच्या अंगास किंवा बाजूस जाऊन दुसरीकडे तोंड करते, व त्या तोंडातून पू किंवा रक्तमिश्रित लस झिरपते. कित्येकदा रोगी त्या दुसऱ्या तोंडासच मूळ समजून त्यावर मलम चोपडीत बसतो, आणि खरे मूळ मध्यरेषेवर निर्वेध राहते.

रोग तीन रूपांनी भेटतो. पहिल्या रूपात नुसती छिद्रे असतात. दुखत नाही, खुपत नाही. दुसऱ्या रूपात आत जंतूंचा प्रवेश होऊन पू साचतो, बेंड येते, बसणे अशक्य होते, तापही भरतो. तिसऱ्या रूपात बेंड फुटून गेल्यावर मागे नाडी राहते. ती महिनोन्‌महिने थोडथोडी वाहत असते, कपडे खराब होतात, दुर्गंधी येते, आणि तरुण माणूस लोकांत बसण्याउठण्यास भिऊ लागतो.

हा मूळव्याधीचा प्रकार नव्हे, आणि भगंदरही नव्हे. मूळव्याधीचे कोंब गुदद्वाराशीच असतात, व शौचाच्या वेळी रक्त पडते. भगंदराचे भुयार आतड्याच्या शेवटच्या भागास जाऊन मिळालेले असते. आपल्या ह्या रोगाचा आतड्याशी काही संबंध नाही; तो केवळ कातडीचा आणि तिच्याखालील चरबीचा रोग आहे. हा भेद अनुभवी डॉक्टरास बहुधा नुसत्या पाहण्यानेच कळतो. म्हणूनच रस्त्यावर पाटी लावून मूळव्याध व भगंदर 'विनाशस्त्रक्रिया' बरे करून देणाऱ्यांच्या दारी जाण्यात वेळही जातो आणि पैसाही जातो.

हा मुख्यत्वेकरून तरुणांचा रोग होय. वयात येण्यापूर्वी तो सहसा होत नाही, पंधरा ते तिशीपर्यंत त्याचा भर असतो, आणि चाळिशीनंतर तो विरळा होत जातो. १९९५ साली प्रसिद्ध झालेल्या नॉर्वेमधील एका पाहणीत दर लाख लोकांमागे वर्षाला सुमारे २६ जणांना हा रोग झाल्याचे आढळले. पुरुषांत त्याचे प्रमाण स्त्रियांच्या दुपटीहून थोडे अधिक होते, आणि शंभर रोग्यांपैकी ३८ जणांच्या नात्यात तो आधी कोणास तरी झालेला होता. म्हणजे मुलींना तो होत नाही असे मुळीच नाही. फार तर इतकेच, की मुलगा आठ महिने लपवील तर मुलगी सोळा महिने लपवील.

केस आत गेला कसा?

लॅटिन भाषेत 'पायलस' म्हणजे केस व 'नायडस' म्हणजे घरटे. बॉस्टन येथील डॉक्टर हॉजेस यांनी १८८० साली ह्या दोन शब्दांपासून रोगाचे नाव बनविले. त्याआधी १८३३ मध्ये हर्बर्ट मेयो ह्या इंग्रज शस्त्रवैद्याने केसांनी भरलेल्या अशा नाडीचे वर्णन करून ठेवले होते. केस तेथे असतात हे अशा रीतीने जुनेच ज्ञान आहे. वाद होता तो, ते तेथे आले कोठून, ह्याविषयी.

फार काळ असे मानले जाई की हा जन्मजात दोष आहे. गर्भावस्थेत कण्याच्या शेवटाशी कातडीचा एखादा अंश आत दबून राहतो, आणि तारुण्यात त्यास केस फुटतात. समजूत साधी दिसते, पण तिचे परिणाम भयंकर झाले. दोष जन्माचा आणि खोलवरचा, तेव्हा तो समूळ उपटला पाहिजे, ह्या न्यायाने शस्त्रवैद्य हाडापर्यंत मांस खणून काढू लागले. दुसऱ्या महायुद्धात ह्या पद्धतीची कसोटी लागली. १९४१ ते १९४५ ह्या काळात अमेरिकेच्या सैन्यातील सुमारे ८०,००० जवानांना ह्या एका दुखण्यापायी रुग्णालयात दाखल व्हावे लागले. खडबडीत रस्त्यांवर जीपगाडीतून आदळत-आपटत प्रवास करणाऱ्यांना तो होतो असे पाहून मेयो क्लिनिकमधील डॉक्टर ब्यूई यांनी १९४४ साली त्यास 'जीपचा रोग' असेच नाव दिले. जखमा भरून येण्यास महिने लागत, आणि भरून आलेल्या कित्येक पुन्हा फुटत. शत्रूच्या गोळीने नव्हे, तर केसांच्या गुंत्याने जवान खाटेस खिळून पडावेत, ही मोठी विलक्षण गोष्ट होती.

ह्या कोड्याचा उलगडा एका न्हाव्याच्या हाताने केला. लंडनच्या मिडलसेक्स रुग्णालयातील पेटी व स्कार्फ ह्या दोघा डॉक्टरांनी १९४६ साली असे प्रतिपादन केले की, हे केस आत उगवत नसून बाहेरून शिरतात. त्यानंतर दोनच वर्षांनी एका न्हाव्याच्या हातावर झालेल्या अशाच नाडीची हकीकत त्यांनी प्रसिद्ध केली. न्हाव्यांच्या बोटांच्या बेचक्यात होणाऱ्या ह्या नाडीत केस सापडतात, पण ते असतात गिऱ्हाइकांचे! बेचक्यात तर केस उगवतच नाहीत, आणि दुसऱ्याच्या डोक्यावरील केस कोणाच्याही देहात जन्मतः असणे शक्य नाही. गाईम्हशींचे दूध काढणाऱ्यांच्या बोटांतही कधीकधी गुरांचे केस शिरून असाच व्रण होतो. एवढ्यावरून जन्मजात दोषाच्या कल्पनेचा पाया खचला.

पण मऊ केस कातडीत शिरतो तरी कसा? गवतातून चालून आल्यावर धोतराच्या सोग्यात अडकलेले कुसळ ज्यांनी काढले आहे, त्यांना हे सांगावयास नको. कुसळ पुढेच सरकते. मागे ओढू म्हटले तर अडते. केसाच्या पृष्ठभागावरही अतिसूक्ष्म खवले असून त्या सर्वांची तोंडे शेंड्याकडे वळलेली असतात. त्यामुळे केस बुडख्याच्या बाजूने पुढे घुसतो आणि मागे परतत नाही. घळीत साचलेला सुटा केस, बसताउठताना होणारे घर्षण, घामाने भिजून मऊ पडलेली कातडी आणि मध्यरेषेवरील एखादे रुंदावलेले रोमरंध्र, एवढी सामग्री जुळून आली की घरट्याची पहिली काडी पडली असे समजावे. ग्रीसच्या सैन्यातील शस्त्रवैद्य कॅरिडाकिस यांनी तीन कारणे सूत्ररूपाने मांडली : घुसणारा केस, त्यास आत लोटणारा दाब आणि त्यास वाट देणारी कातडी. अमेरिकेतील ऑरिगन प्रांतातील डॉक्टर बॅस्कम यांनी १९८० साली थोडा निराळा विचार मांडला. त्यांच्या मते मध्यरेषेवरील रोमरंध्रच आधी ताणते, सुजते, फुटते, आणि केस मागाहून जमतात. दोघांचा मार्ग वेगळा, पण मुक्काम एकच : रोग मध्यरेषेवरच्या छिद्रांत व घळीच्या खोलीत आहे, हाडात नाही आणि जन्मातही नाही.

केस तुटून होणाऱ्या फोडास आपल्या भाषेत 'केसतूड' असे फार पूर्वीपासून म्हणतात. फोड आणि केस यांचे नाते आपल्या आज्यांना ठाऊक होते, हे त्या शब्दावरूनच दिसते. शस्त्रचिकित्सेच्या दृष्टीने पाहिल्यास सुश्रुतसंहितेत नाडीव्रणाचे जे प्रकार सांगितले आहेत, त्यांत शल्यामुळे, म्हणजे देहात शिरून राहिलेल्या परक्या वस्तूमुळे, होणारा नाडीव्रण हा एक स्वतंत्र प्रकार मानलेला आहे, आणि आजचे आयुर्वेदीय शस्त्रवैद्य आपल्या रोगाची गणना त्यातच करतात. तेवढ्यावरून सर्व काही आमच्या ग्रंथांत आधीच होते असे म्हणण्याचा मोह मात्र आवरला पाहिजे. सुश्रुताने तत्त्व सांगितले. माकडहाडावरील केसांचे घरटे उकलण्याचे काम पुष्कळ पुढच्या काळातील पुष्कळ लोकांनी मिळून केले.

उपचार कोणता व केव्हा

नुसती छिद्रे असून काहीच त्रास नसेल, तर शस्त्र लावण्याचे कारण नाही. स्वच्छता ठेवावी, त्या भागातील केस काढावेत आणि लक्ष ठेवावे, एवढे पुरते.

पू साचला असेल तर मात्र त्यास वाट करून देणे हाच उपाय आहे. जंतुनाशक गोळ्यांनी साचलेला पू नाहीसा होत नाही. त्या गोळ्या केवळ आजूबाजूस पसरलेल्या सुजेसाठी, ताप असल्यास किंवा रोग्यास मधुमेह वगैरे असल्यास देतात. जागा बधिर करून किंवा भूल देऊन, शक्यतो मध्यरेषा सोडून थोडे बाजूस छेद देतात. पू निघताच रोग्यास जो आराम वाटतो त्याची कल्पना हे दुखणे भोगलेल्यांनाच येईल. घरी सुईने टोचणे, दाबून पिळणे, चटके बसतील इतके कढत पोटीस बांधणे, हे सर्व वर्ज्य समजावे. पू काढल्यावर कित्येकांचे दुखणे तेवढ्यानेच मिटते. १९८८ साली डेन्मार्कमध्ये पहिल्याच बेंडाच्या ७३ रोग्यांवर नुसता छेद देऊन पाहिले, तेव्हा शंभरात ५८ ह्या प्रमाणात जखमा दहा आठवड्यांत भरून आल्या. ज्यांच्या भरत नाहीत, किंवा भरून पुन्हा वाहू लागतात, त्यांना पुढील शस्त्रक्रिया लागते.

ह्या दुसऱ्या शस्त्रक्रियेविषयी वाचकांनी एक गोष्ट नीट समजून घ्यावी, कारण आमच्या स्नेह्यांच्या मुलाचे वर्ष तिच्यापायीच गेले. रोगट भाग काढल्यावर उरलेल्या जखमेचे काय करावयाचे, ह्यास तीन मार्ग आहेत. जखम उघडी ठेवून तळापासून भरू देणे, हा पहिला मार्ग. तो साधा आहे, परंतु त्यास कित्येक आठवडे, क्वचित महिनेही लागतात, व रोज मलमपट्टी करावी लागते. दोन्ही कडा ओढून मध्यरेषेवरच टाके घालणे, हा दुसरा. तो दिसावयास सुबक, पण घळीचा खोलगटपणा, घाम व ओढ ही जशीच्या तशी राहतात. त्यामुळे टाके उसवण्याचे व रोग उलटण्याचे भय अधिक. तिसरा मार्ग असा की, जखम मिटविताना टाक्यांची रेघ मध्यरेषेपासून बाजूस न्यावी आणि घळही उथळ करावी. कॅरिडाकिस यांची शस्त्रक्रिया ह्याच तत्त्वावर आहे. आपल्या सहा हजारांहून अधिक रोग्यांत रोग उलटण्याचे प्रमाण शंभरात एकाच्या आसपास राहिले, असे त्यांनी १९९२ मध्ये नमूद केले. रशियन शस्त्रवैद्य लिंबर्ग यांच्या नावाची, शेजारची चौकोनी कातडी फिरवून बसविण्याची पद्धत आणि बॅस्कम यांची घळ उचलून घेण्याची पद्धत ह्यांचेही तत्त्व हेच. सर्व उपलब्ध प्रयोगांचा ताळा घेऊन कॉक्रेन संस्थेने २०१० साली असा निष्कर्ष प्रसिद्ध केला की, जखम टाक्यांनी मिटवावयाचीच असेल तर मध्यरेषा सोडून मिटविणे हाच प्रमाण मार्ग मानावा.

आमच्या स्नेह्यांच्या मुलाचा पू पौषात काढला. नाडी वाहतच राहिली म्हणून चैत्रात एका रुग्णालयात शस्त्रक्रिया झाली, आणि टाके मध्यरेषेवर पडले. पंधरवडा झाला न झाला तोच ते उसवले. वार्षिक परीक्षा उशाशी आलेली. मुलगा पालथा पडून पुस्तक वाचण्याचा प्रयत्न करी आणि आई दाराआड डोळे पुशी. परीक्षा बुडाली ती बुडालीच. ह्यात कोणाच्या हेतूस दोष देण्याचे कारण नाही, पण "टाके कोठे घालणार?" हा एक प्रश्न आधी विचारावा हे घरातील कोणास ठाऊक असते, तर कदाचित ज्येष्ठातील दुसरी शस्त्रक्रिया टळली असती. डॉक्टरास विनयाने प्रश्न विचारणे म्हणजे त्याच्या विद्येवर अविश्वास दाखविणे नव्हे. टाक्यांची रेघ कोठे येईल, जखम उघडी राहील की मिटलेली, किती दिवस घरी राहावे लागेल, ह्या तीन गोष्टी कोणताही सज्जन शस्त्रवैद्य आनंदाने सांगतो.

रोग थोडक्यात असेल तर सौम्य उपायही आहेत. मध्यरेषेवरील छिद्रे तेवढी तांदळाच्या दाण्याएवढा भाग काढून कोरून घेणे, पोकळी स्वच्छ करून तीत फिनॉल घालणे, बारीक दुर्बिणीने आत पाहून केस वेचून काढणे, किंवा लेसर किरणांनी भुयार भाजून मिटविणे, असे ते उपाय होत. ह्यांत जखम लहान व सुटका लवकर. मात्र प्रत्येक रोगी त्यांस योग्य असतोच असे नाही, आणि काहींना पुन्हा उपचार घ्यावा लागतो. सुश्रुताने कृश, दुर्बल व भित्र्या रोग्यांसाठी आणि मर्मस्थानच्या नाडीसाठी क्षारसूत्राचा उपाय सांगितला आहे. विसाव्या शतकात काशी हिंदू विश्वविद्यालयात डॉ. पी. जे. देशपांडे यांनी तो पुन्हा अभ्यासाखाली आणला. त्याचा मुख्य उपयोग भगंदरात होतो, तरी ह्या रोगातही कोठे कोठे करतात. तो करवून घ्यावयाचा तर शस्त्रचिकित्सेचे रीतसर शिक्षण घेतलेल्या वैद्याकडूनच घ्यावा.

रोग वर्षानुवर्षे तसाच वाहता ठेवल्यास क्वचित, अगदी क्वचित, त्या जागी कर्करोग उद्भवतो. घाबरविण्यासाठी हे सांगत नाही. पण "असेच चालायचे" म्हणून वीस-वीस वर्षे कापडाच्या घड्या बदलीत राहणारी माणसे असतात, त्यांनी हे ध्यानी ठेवावे.

घरातील शुश्रूषा

शस्त्रक्रिया डॉक्टर करतो. जखम बरी करण्याचे काम घर करते. उघड्या जखमेत कापड ठासून भरावयाचे नसते; ते सैल व हलके ठेवावे, म्हणजे जखम तळापासून भरत येते आणि वरचे तोंड आधी मिटत नाही. शौचानंतर आणि दिवसातून एक-दोनदा कोमट पाण्याच्या धारेने जागा धुवावी व मऊ कापडाने टिपून कोरडी करावी. हळद, तूप, राख, झाडपाल्याचा रस असले घरगुती लेप उघड्या जखमेत घालू नयेत. जखमेच्या कडेचे केस वाढून आत वळू लागतात, म्हणून ते डॉक्टरांच्या सांगण्याप्रमाणे वरचेवर काढावे लागतात; शंभर टक्के नीट केलेली शस्त्रक्रिया ह्या एका दुर्लक्षामुळे फुकट जाऊ शकते. आहारात डाळी, दूध, दही, उसळी असाव्यात. मलावरोध होऊ देऊ नये. धूम्रपान करणाऱ्याने ते सोडावे, कारण त्याने जखम उशिरा भरते. ताप, वाढती लाली, एकाएकी वाढलेला ठणका किंवा भळभळते रक्त दिसल्यास रात्र उजाडण्याची वाट पाहू नये.

पट्टी कोणी बदलावयाची हा प्रश्न घरात नाजूक असतो. रोग्यास स्वतःस ती जागा दिसत नाही. आमच्या स्नेह्यांच्या घरी पहिले चार दिवस मुलगा आईस जवळ येऊ देईना. अखेर त्याचे वडील, ज्यांनी आयुष्यात कोणाचा काटा काढला नव्हता, तेच हात धुऊन पुढे झाले. "तुम्हांला नाही जमणार, बाबा," असे तो म्हणाला. "तू पालथा पड. जमते की नाही ते बघू," असे ते म्हणाले. त्या दिवसापासून सव्वा महिना रोज सकाळी कचेरीत जाण्यापूर्वी त्यांनी ती पट्टी बदलली. एरवी बाप-लेकांत परीक्षेच्या गुणांपलीकडे बोलणे होत नसे. त्या पंधरा-वीस मिनिटांत दोघे क्रिकेटपासून कॉलेजापर्यंत सर्व विषयांवर बोलू लागले, असे त्या माउलीने आम्हांस सांगितले.

पुन्हा होऊ नये म्हणून

ह्या रोगाचे मूळ केस, तेव्हा प्रतिबंधही केसांचाच. त्या भागातील केस दूर ठेवणे हितावह असते. पण कसे, ह्यास महत्त्व आहे. जर्मनीत सैनिक रुग्णांवर केलेल्या व २००९ साली प्रसिद्ध झालेल्या पाहणीत शस्त्रक्रियेनंतर वस्तऱ्याने केस काढीत राहिलेल्यांत रोग उलटण्याचे प्रमाण न काढणाऱ्यांपेक्षा अधिकच आढळले. उलटपक्षी अमेरिकेतील ओहायो प्रांतात ११ ते २१ वर्षांच्या ३०२ रोग्यांवर प्रयोग झाला; त्यात लेसरने केसांची मुळे नष्ट केलेल्यांपैकी एका वर्षात शंभरात सुमारे १० जणांचा रोग उलटला, व तसे न केलेल्यांपैकी सुमारे ३४ जणांचा. शक्य असेल त्याने लेसरचा विचार डॉक्टरांच्या सल्ल्याने अवश्य करावा. वजन आटोक्यात ठेवावे, घामाचे कपडे लगेच बदलावेत, आणि संगणकापुढे तासन्‌तास बसणाऱ्यांनी अधूनमधून उठून चार पावले चालावे.

आणखी एक गोष्ट. ह्या नाडीतील केस त्याच जागचे असतात अशी सर्वांची समजूत होती. परंतु २०१८ साली जर्मन संशोधकांनी सूक्ष्मदर्शकातून पाहिले, तेव्हा त्यांत कात्रीने किंवा यंत्राने कापलेले, मुळे नसलेले, अणकुचीदार टोकांचे आखूड तुकडे मोठ्या संख्येने आढळले, आणि ते डोक्यावरील केसांचे होते. मानेवर पडलेले हे तुकडे सदऱ्याच्या आतून पाठीवरून घरंगळत खाली घळीत जाऊन बसतात. पूर्वी आपल्या घरांत श्मश्रू करून आलेल्या पुरुषास स्नान केल्यावाचून घरात कशासही शिवता येत नसे. ते सोवळ्याच्या कल्पनेने होते, रोगाच्या नव्हे. आणि त्या कल्पनेबरोबर न्हाव्याच्या वाट्यास जो अवमान येई तो गेला हे उत्तमच झाले. पण स्नान मात्र जावयास नको होते. आता सलूनमधून उठलेला तरुण थेट दुचाकीवर बसतो. केस कापून आल्यावर लगेच डोक्यावरून पाणी घेऊन पाठ स्वच्छ धुणे, हा रामबाण उपाय म्हणून आम्ही सांगत नाही. पण फुकटचा, निरुपद्रवी आणि युक्तीस पटणारा नियम म्हणून तो पुन्हा सुरू करण्यास हरकत कोणती?

आमच्या स्नेह्यांच्या मुलाची ज्येष्ठातील शस्त्रक्रिया मध्यरेषा सोडून झाली, आणि श्रावणापर्यंत जखम पूर्ण भरून आली. बुडालेली परीक्षा त्याने नंतर दिली. परवा आम्ही त्यांच्याकडे गेलो, तेव्हा तो पाटावर मांडी घालून जेवीत होता. आईने आमच्याकडे पाहून नुसती मान हलविली, आणि आम्ही समजलो. जेवण झाल्यावर तो आम्हांस दारापर्यंत पोचवावयास आला आणि म्हणाला, "काका, आमच्या वसतिगृहातल्या एका मुलाला हेच झाले आहे. मी त्याला डॉक्टरांकडे घेऊन गेलो. पहिल्याच आठवड्यात." 'पहिल्याच आठवड्यात' हे शब्द त्याने विशेष जोर देऊन उच्चारले.

वाचकहो, आपल्या घरातील मुलगा किंवा मुलगी बसावयाचे टाळीत असेल, एका कुशीवर कलून बसत असेल, आपले कपडे आपणच धुण्याचा एकाएकी हट्ट धरीत असेल, तर रागावू नका आणि हसूही नका. दार लोटून घ्या आणि शांतपणे विचारा, "कुठे दुखते आहे का?" उत्तर येण्यास थोडा वेळ लागेल. तेवढा वेळ थांबा.